सेलूहून एका दिवसाची वाट

सेलू स्टेशनवर उतरणाऱ्या बहुतेकांना पुढं कुठंतरी जायचं असतं. कुणी पाथरीला साईजन्मस्थान मंदिराच्या दर्शनाला, कुणी कापसाच्या व्यवहाराला, कुणी आडगावच्या सोयऱ्याकडं. मनमाड–सिकंदराबाद मार्गावरचं, परभणी आणि जालन्याच्या मधलं हे तालुक्याचं गाव. मुद्दाम सेलू बघायला म्हणून कुणी येत नाही. तरीही सकाळी इथून निघून दिवे लागायच्या आत परत येता येईल एवढ्याच टापूत यादवकाळातली देवळं आहेत, पायऱ्यांच्या विहिरी आहेत, अहमदनगरच्या निजामशाहीच्या मूळपुरुषाचं गाव आहे. दक्षिणेला पाथरी, उत्तरेला चारठाणा, पूर्वेच्या अंगाला वालूर. पश्चिमेला रेल्वेनं निघालं की पुढंच सातोना, कवी आणि कादंबरीकार बी. रघुनाथ यांचं जन्मगाव.

सेलूतल्या एक ताई गेली काही वर्षं लोकांना ही गावं दाखवतात. इतिहास घेऊन पदवी झाली, मग काही काळ शिकवण्या घेतल्या. सुट्टीच्या दिवशी विद्यार्थ्यांना वालूरची बारव दाखवून आणायच्या. विद्यार्थ्यांमागून त्यांचे पालक येऊ लागले, पालकांमागून परभणी-जालन्याचे त्यांचे नातेवाईक, आणि हळूहळू तोच व्यवसाय झाला. एका दिवसाची सहल, एका वेळी एकच गाव, पंधरापेक्षा जास्त माणसं नाहीत. प्रवास रेल्वेचा, एसटीचा आणि पायी. जेवण गावातल्या घरी. कचरा ज्याचा त्यानं आपल्या पिशवीतून परत न्यायचा.

पंधराची मर्यादा अनुभवातून ठरली. बारवेच्या पायरीवर एका वेळी किती माणसं नीट उभी राहू शकतात, एका घरच्या चुलीवर किती भाकरी गरम गरम वाढता येतात, आणि मागच्या माणसालाही न ओरडता बोललेलं ऐकू जावं यासाठी घोळका केवढा असावा, या तिन्ही प्रश्नांचं उत्तर जवळपास तेवढंच येतं. चार बसगाड्या भरून माणसं आणली तर पैसे जास्त मिळतील, हे ताईंना कळतं. पण वालूरसारख्या गावात एकाच सकाळी दोनशे माणसं उतरली, तर त्यांना प्यायला पाणी कुठलं द्यायचं, हा प्रश्न त्या सगळ्यात आधी विचारतात.

मराठवाड्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेच्या टाक्यांमधून लातूरला पाणी न्यावं लागलं होतं. पहिल्या खेपेला दहा वाघिणी होत्या आणि त्यांत सुमारे पाच लाख लिटर पाणी होतं. त्या उन्हाळ्यात टँकरच्या रांगेत उभी राहिलेली माणसं आज सहलीला येतात. हॉटेलात अर्धी पिऊन टाकून दिलेली पाण्याची बाटली त्यांनाही खटकते, फक्त कुणी बोलून दाखवत नाही. ताई बोलून दाखवतात. सेलूतून निघतानाच प्रत्येकाची स्टीलची बाटली भरून घेतली जाते. ज्याच्याकडं नसेल त्याला ताईंच्या पिशवीतली मिळते, संध्याकाळी परत करण्याच्या बोलीवर.

प्रवासाचं साधनही असंच विचार करून ठरलेलं. सेलूवरून जाणारी रेल्वे १९०० च्या सुमारास, निजामाच्या राजवटीत आली. हैदराबाद–गोदावरी खोरे रेल्वे म्हणून ती ओळखली जाई. गाडी मीटरगेज होती, आणि या काळ्या मातीतला कापूस तिनंच मुंबईच्या वाटेला लावला. १९९० च्या दशकात मार्ग ब्रॉडगेज झाला आणि मनमाडला गाडी बदलायची कटकट संपली. आज मराठवाडा एक्स्प्रेसनं संभाजीनगरहून किंवा नांदेडकडून माणूस थेट सेलूच्या फलाटावर उतरतो. गाडी तशीही धावणारच असते, तिच्यात आणखी पंधरा माणसं बसल्यानं हवेत धूर वाढत नाही. हीच माणसं चार मोटारींतून आली असती, तर चार इंजिनं दिवसभर तापली असती. सहलीला येणाऱ्याला हा हिशोब समजायला एवढं पुरतं.

सेलूपासून पुढं एसटी. १ जून १९४८ ला पुणे–अहमदनगर मार्गावर धावलेल्या पहिल्या गाडीपासून एसटीनं खेड्याला तालुक्याशी बांधून ठेवलं आहे. १७ मार्च २०२३ पासून महिलांना तिकिटात निम्मी सवलत मिळाली, आणि त्याआधी २०२२ च्या ऑगस्टपासून पंचाहत्तरीच्या पुढच्यांना प्रवास मोफत झाला. ताईंच्या सहलींवर याचा परिणाम डोळ्यांत भरण्याइतका झाला. पूर्वी घरातला कर्ता पुरुष यायचा आणि संध्याकाळी मोबाइलवरचे फोटो बायकोला दाखवायचा. आता सासू-सुना, जावा-जावा, शाळेतल्या जुन्या मैत्रिणी येतात. आज्याही येतात, आणि बारवेजवळ पोचल्यावर सगळ्यांत जास्त त्याच बोलतात. कारण घागर घेऊन अशा पायऱ्या उतरलेली त्यांची पिढी शेवटची.

वालूरला जायचं ते बारवांसाठी. गावात जुन्या बारवा बऱ्याच आहेत, पण पाय थबकतात ते चक्राकार बारवेशी. नेहमीच्या बारवेत पायऱ्या सरळ खाली जातात. इथं त्या विहिरीच्या गोल भिंतीला धरून वळत वळत पाण्यापर्यंत उतरतात. वरून पाहिलं की दगडाचा शंख जमिनीत रुतवून ठेवल्यासारखा दिसतो. अशी रचना फार दुर्मीळ. कित्येक वर्षं ती गाळानं, झुडपांनी आणि गावच्या कचऱ्यानं भरून गेली होती. अलीकडं गावकऱ्यांनीच पुढाकार घेतला, गाळ उपसला, बाभळी तोडल्या, दगड मोकळे केले. राज्यभर फिरून हजाराहून अधिक बारवांच्या नोंदी करणारे रोहन काळे यांची महाराष्ट्र बारव मोहीम त्याच काळात जोर धरत होती. महाशिवरात्रीला जुन्या बारवांमध्ये दिवे लावण्याची प्रथा या मोहिमेनं सुरू केली आणि परभणी जिल्ह्यातल्या गावांनी ती उचलून धरली.

ताई बारवेच्या काठावर लगेच बोलायला सुरुवात करत नाहीत. आधी त्या एकट्या पाच-सात पायऱ्या उतरून कोनाडे बघून येतात. आग्या मोहोळ बसलेलं नाही ना, दगडाच्या सांदीत काही सळसळत नाही ना, शेवाळ कुठवर आलं आहे, हे पाहिल्याखेरीज कुणाला खाली सोडायचं नाही. अत्तर लावून कुणी आलं असेल, तर त्याला वरच थांबवतात. मोहोळ असेल तर उदबत्तीसुद्धा पेटवू देत नाहीत. हे सगळं त्यांना गावातल्या गुराख्यांनी शिकवलं.

मग पाण्याची गोष्ट सुरू होते. पायाखालचा काळा दगड म्हणजे सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पसरलेल्या लाव्हाचे थर. अखंड बेसॉल्टमध्ये पाणी मुरत नाही. ते साठतं झिजलेल्या मुरमाडीत आणि दगडाच्या भेगांत. म्हणून इथली विहीर कुठंही खणून चालत नाही, जागा ओळखावी लागते. पावसाळ्यात पाणी वरच्या पायरीशी असतं, उन्हाळ्यात ते पुरुष-दोन पुरुष खाली जातं. पायऱ्या अशासाठी, की पाणी जसं खाली जाईल तसं माणसानंही त्याच्यामागं उतरावं. दोर तुटला, मोट मोडली, तरी तहानलेला माणूस परत फिरू नये. जुन्या शिल्पग्रंथांत अशा विहिरींचे प्रकार सांगितले आहेत. एका वाटेची नंदा, दोन वाटांची भद्रा, तीन वाटांची जया आणि चार वाटांची विजया. ही नावं ऐकली की मुलं लगेच जिल्ह्यातल्या आपापल्या गावची बारव आठवून तिचा प्रकार सांगायला लागतात. एखादी आजी म्हणते, 'आमच्या माहेरची विजया होती, पण तिच्यात आता गोठ्याचं शेण टाकतात.' त्या एका वाक्यानंतर ताईंना स्वच्छतेवर वेगळं भाषण द्यावं लागत नाही.

पायऱ्यांवर बसून डबा खायचा नाही, पाण्यात पाय सोडायचे नाहीत, साबण लावायचा नाही, हे नियम आहेत. फोटो काढायला बंदी नाही. पण कडेच्या दगडावर चढून फोटो काढायला आहे. हेमाडपंती बांधकामात दगड चुन्यानं चिकटवलेले नसतात. खाचा आणि खुंट्या एकमेकांत बसवून, वजनावर तोललेले असतात. एक दगड हलला की त्याच्यावरचे सगळे हलायला लागतात.

चारठाण्याचा दिवस वेगळा. जिंतूर तालुक्यातलं हे गाव म्हणजे मराठवाड्यातल्या मध्ययुगीन स्थापत्याचा उघड्यावर मांडलेला संग्रह. गोकुळेश्वराचं देऊळ, त्याच्याजवळचं पायऱ्यांचं कुंड, गावाच्या एका अंगाला उभा असलेला उंच कोरीव स्तंभ, आणि गल्लीबोळांत, ओट्यांवर, पारांवर विखुरलेली शिल्पं. इथं एकेकाळी ३६० देवळं होती, असं गावातली जुनी माणसं सांगतात. ताई तो आकडा गावाची आठवण म्हणून सांगतात, मोजणी म्हणून नाही. पण स्तंभासमोर उभं राहिलं की बांधणाऱ्यांची ऐपत केवढी होती, ते कळतं. स्तंभ जैन परंपरेतला मानस्तंभ की देवळापुढची दीपमाळ, यावर मतं आहेत. जिंतूरजवळच्या नेमगिरीवर जैन लेणी आहेत, तिथं पार्श्वनाथाची प्रचंड मूर्ती अगदी लहानशा दगडावर तोललेली आहे. म्हणजे या परिसरात जैनांचा वावर मोठा होता, एवढं नक्की.

'हेमाडपंती' या नावाचाही ताई खुलासा करतात. यादव राजा महादेव आणि त्याच्या मागून आलेला रामचंद्र यांच्या दरबारातला मंत्री हेमाद्री पंडित तेराव्या शतकातला. पण या पद्धतीची देवळं त्याच्या जन्माआधीपासून बांधली जात होती. त्याचं नाव पद्धतीला चिकटलं, कामाचं श्रेय मात्र त्या अनाम पाथरवटांचं, ज्यांनी चुन्याशिवाय छत तोललं.

चारठाण्यात ताईंना सर्वांत जास्त बोलावं लागतं ते नुकसानीबद्दल. मराठवाड्यात कुठल्याही जुन्या देवळात गेलं, की एखादी मूर्ती शेंदराच्या नाहीतर ऑइलपेंटच्या थरांखाली बुजलेली सापडते. श्रद्धेनं केलेलं असतं, पण दगडाचा श्वास कोंडतो आणि कोरीव काम कायमचं झाकतं. कुठं भक्तांनी वर्गणी काढून तडे सिमेंटनं भरलेले असतात. सिमेंट ओल अडवून ठेवतं, त्यातले क्षार दगडात उतरतात आणि काही वर्षांत दगडाचे पापुद्रे सुटायला लागतात. तडे भरायचेच तर जुन्या बांधकामाला चुनाच मानवतो. त्याहून वाईट ते गुप्तधन शोधणारे. कुठं नंदी उपटून टाकलेला, कुठं गाभाऱ्यात खड्डा. महाराष्ट्रात प्राचीन स्मारकांचा १९६० चा कायदा आहे, पण रात्री पहार घेऊन येणाऱ्याला कायद्यापेक्षा गावातल्या जागत्या माणसाची भीती जास्त वाटते. देऊळ बघायला दर आठवड्याला कुणीतरी येतं, पैसे देऊन जेवतं, प्रश्न विचारतं, असं दिसलं की गावही जागं राहतं. सहलीचा हा उपयोग ताईंना सुरुवातीला अपेक्षित नव्हता. आता तो त्यांना सगळ्यांत मोठा वाटतो.

पाथरीची वाट दक्षिणेची. बहुतेक लोक साईजन्मस्थान मंदिरात दर्शन घेतात आणि परततात. साईबाबांच्या चरित्राचे संशोधक वि. बा. खेर यांनी १९७५ पासून पाथरीत येऊन भुसारी घराण्याचा माग काढला, आणि साईबाबांचा जन्म इथला, हे म्हणणं पुढं आलं. १९९९ मध्ये इथं मंदिर उभं राहिलं. जानेवारी २०२० मध्ये राज्य सरकारनं पाथरीच्या विकासासाठी शंभर कोटींची घोषणा केली आणि जन्मस्थानाचा हा दावा मान्य नसलेल्या शिर्डीकरांनी १९ जानेवारीला शिर्डी बंद ठेवली. सेलूचाही या परंपरेशी धागा आहे. साईबाबांचे गुरू मानले जाणारे व्यंकुशा म्हणजे सेलूचे गोपाळराव देशमुख, असं साईभक्त दासगणू महाराजांनी लिहिलं. सेलूकर त्यांना केशवराज बाबासाहेब महाराज म्हणून ओळखतात आणि त्यांचं मंदिर गावात आहे. ताई दोन्ही बाजू सांगतात. श्रद्धेच्या प्रश्नावर निकाल देणं हे वाटाड्याचं काम नाही, असं त्यांचं ठाम मत आहे.

पाथरीचा त्याहून जुना इतिहास मात्र दर्शनाच्या घाईत सुटतो. फरिश्ता या इतिहासकाराच्या म्हणण्यानुसार अहमदनगरच्या निजामशाहीचा संस्थापक मलिक अहमद याचा बाप मूळचा पाथरीच्या ब्राह्मण घराण्यातला. लहानपणी तो बहमनींच्या हाती लागला, बिदरला वाढला आणि मलिक हसन झाला. पुढं निजामशहांनी आपल्या पूर्वजांचं गाव म्हणून पाथरीवर हक्क सांगितला आणि त्यासाठी वऱ्हाडच्या इमादशाहीशी लढाया केल्या. अकबराच्या काळात वऱ्हाड सुभ्यात पाथरी हे सरकारचं ठाणं होतं. आजच्या पाथरीच्या गल्लीतून चालताना हे सांगितलं, की परभणीचे लोकसुद्धा चकित होतात. दोन शाह्या ज्याच्यासाठी भांडल्या ते गाव आपल्या शेजारी आहे, हे शाळेच्या पुस्तकात त्यांना कधी भेटलेलंच नसतं.

जेवण ज्या गावात सहल त्या गावातल्या बायकांच्या हातचं. ज्वारीची भाकरी, पिठलं, वांग्याचं भरीत, ठेचा, वाटीभर दही. डिसेंबर-जानेवारीत जमलं तर शेतात हुरडा. पळसाच्या पत्रावळी, जेवण झालं की त्या उकिरड्यात आणि तिथून खतात. ज्या घरी जेवण असतं, त्याच घरचं न्हाणीघर आणि शौचालय पाहुण्यांना वापरायला मिळतं, आणि त्याचे पैसे जेवणाच्या पैशांव्यतिरिक्त दिले जातात. हा तपशील सांगायला किरकोळ वाटतो, पण बायका सहलीला येतील की नाही, ते यावरच ठरतं. एका नामांकित स्थळी दिवसभर पाणी न पिता फिरलेल्या कितीतरी बायका ताईंना भेटल्या आहेत.

अडचणी आहेतच. संध्याकाळची एसटी कधी येते, कधी येत नाही. मग काळीपिवळीवाल्याला फोन करावा लागतो आणि त्या दिवशीच्या मिळकतीतला बराच भाग तिकडं जातो. मार्च लागला की उन्हाचा तडाखा दगडाला बसतो आणि बारवेच्या वरच्या पायऱ्यांवर अनवाणी उभं राहवत नाही, म्हणून सहली दिवाळीनंतर सुरू होतात आणि महाशिवरात्रीला संपतात. उरलेले महिने शिकवण्यांवर निघतात. या कामात श्रीमंती नाही, हे ताई नव्यानं विचारायला आलेल्या मुलींना आधीच सांगून टाकतात.

जगात इतरत्र अशी छोटी गावं कशी टिकली, याची एक गोष्ट त्या परतीच्या प्रवासात सांगतात. बल्गेरियात कोप्रिवश्तित्सा नावाचं डोंगरातलं गाव आहे, लोकवस्ती दोन-अडीच हजारांची. १८७६ च्या एप्रिलमध्ये तुर्की सत्तेविरुद्धच्या उठावाची पहिली गोळी तिथं झडली. एकोणिसाव्या शतकातली रंगीत लाकडी घरं त्या लोकांनी पाडली नाहीत. काही घरांची संग्रहालयं केली आणि बाकीच्यांत माणसं राहत राहिली. राजधानी सोफियाहून लोक आगगाडीनं येतात, स्टेशनवरून काही किलोमीटर आत जातात, दिवसभर दगडी रस्त्यांवरून पायी हिंडतात आणि संध्याकाळच्या गाडीनं परततात. त्याच देशात सेप्टेम्व्री ते दोब्रिनिश्ते ही नॅरोगेज गाडी अजून डोंगरातून धावते. सुमारे सव्वाशे किलोमीटरला पाच तास घेते, तरी लोक ती बंद पडू देत नाहीत. कोप्रिवश्तित्साच्या त्या घरांपेक्षा वालूरची बारव आणि चारठाण्याचा स्तंभ कितीतरी शतकांनी जुने. आगगाडी आपल्याकडंही आहे, गावात राहणारी माणसंही आहेत. कमी आहे ती गावापर्यंत वेळेवर पोचवणाऱ्या एसटीची, स्वच्छ शौचालयाची आणि समोर काय उभं आहे ते सांगणाऱ्या चार ओळींच्या फलकाची.

यातल्या एकाही गोष्टीला मोठा प्रकल्प लागत नाही. ग्रामपंचायतीला शौचालय बांधता येतं, आगाराला रविवारची एक फेरी सांभाळता येते, शाळेतल्या इतिहासाच्या शिक्षकांना फलकावरचा मजकूर लिहून देता येतो. मोठे वाहनतळ, प्रकाशझोत आणि सिमेंटचे ओटे बांधून चारठाण्याचं भलं होणार नाही. तिथं पायी येणारी, थोडा वेळ थांबणारी आणि गावात चार पैसे खर्च करणारी माणसं हवी आहेत.

वेरूळ-अजिंठा आपण सगळ्यांनी पाहिलेलं असतं, आणि ते पाहायलाच हवं. यंदा हिवाळ्यात एक रविवार मात्र या गावांसाठी काढा. मोटार घरी ठेवा, सेलूचं तिकीट काढा, पाण्याची बाटली घरून भरून घ्या आणि आजीला सोबत आणा. पंचाहत्तरीच्या पुढची असेल, तर एसटीत तिला तिकीट पडत नाही.